सुमित्राबाई भावे यांचे चित्रपट

वऱ्हाडांतील बुलढाणा येथें डेप्युटी कमिशनरच्या कचेरींत बापूजी हरि शिंदे हे गृहस्थ हेडक्लार्क होते. सत्यशोधक समाजाशीं त्यांचा निकटचा संबंध होता. त्यांची कन्या ताराबाई शिंदे यांनीं १८८२ सालीं ‘स्त्रीपुरुषतुलना’ हें लहानसें पुस्तक पुण्यास छापवून घेतलें. सुरतेकडील विजयालक्ष्मी नांवाच्या एका विधवेवर अर्भकहत्येचा खटला होऊन तिला प्रथम फांशीची शिक्षा झाली होती. आणि त्या निमित्तानें वर्तमानपत्रांतून एकंदर स्त्रीजातीच्या नीतीची जी झडती सुरू झाली, तिला या पुस्तकानें सडेतोड जबाब दिला. प्रती निघाल्या अवघ्या पांचशें. महात्मा फुले यांनीं ‘सत्सार’मध्यें ताराबाईंची बाजू उचलून धरली खरी, परंतु पुढें तें पुस्तक लोकांच्या दृष्टीआड झालें, तें स. गं. मालशे यांनीं १९७५ सालीं पुन्हां प्रसिद्ध करीपर्यंत.

या पुस्तकाचें दुर्दैव केवळ विस्मृतीचें नव्हतें. ज्या बायकांचा कैवार घेऊन ताराबाई भांडल्या, त्यांपैकीं बहुतेकींना अक्षराची ओळखहि नव्हती. बायकांची कैफियत वाचणार कोण, तर जे शिकलेले आहेत ते पुरुष. म्हणजे ज्यांच्यावर फिर्याद, त्यांच्याच हातीं कागद! शंभर वर्षें लोटल्यावर पुणें शहरांत हाच पेंच दुसऱ्या एका विदुषीपुढें उभा राहिला, आणि त्यांतून वाट काढण्यासाठीं तिनें लेखणी न टाकतां कॅमेऱ्याचा आश्रय केला. ही विदुषी म्हणजे सुमित्राबाई भावे.

सुमित्राबाईंचा जन्म १२ जानेवारी १९४३ रोजीं पुण्यांत झाला. फर्ग्युसन कॉलेजांतून पदवी घेतल्यावर राज्यशास्त्र व समाजशास्त्र या विषयांचें पुढील शिक्षण, मग मुंबईच्या टाटा सामाजिक विज्ञान संस्थेंत समाजकार्याचें शिक्षण, आणि त्यानंतर पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेंत अध्यापन, असा त्यांचा मार्ग सरळ विद्याव्यासंगाचा होता. मध्यंतरीं आकाशवाणीवर दिल्लीहून मराठी बातम्या वाचण्याचें कामहि त्यांनीं केलें. ही गोष्ट वाटते तितकी किरकोळ नव्हे. आपलें तोंड ज्यांना दिसत नाहीं व ज्यांचें तोंड आपणांस दिसत नाहीं, अशा माणसांशीं साध्या स्वरांत, एकहि शब्द वायां न घालवितां बोलणें, ही ध्वनिक्षेपकापुढें बसणारास पहिली शिकवण मिळते. सुमित्राबाईंच्या पुढील चित्रपटांतील संवाद ज्यांनीं ऐकले असतील, त्यांना या शिकवणीचा माग लागल्याखेरीज राहणार नाहीं.

पुण्यांतील स्त्रीवाणी या संस्थेसाठीं त्यांनीं झोपडपट्टींत राहणाऱ्या बायकांच्या आयुष्याचा अभ्यास हातीं घेतला. आठ दलित स्त्रियांनीं आपल्या तोंडानें सांगितलेल्या जीवनकथा त्यांनीं संकलित केल्या. गेल ऑम्व्हेट यांनीं त्यांचें इंग्रजी भाषांतर केलें व ‘पॅन ऑन फायर’ या नांवानें तें पुस्तक १९८८ सालीं प्रसिद्ध झालें. परंतु या कामाच्या ओघांतच एक शंका सुमित्राबाईंना छळूं लागली होती. अभ्यास होतो, अहवाल लिहिला जातो, विद्वानांच्या परिषदेंत तो वाचला जातो, आणि शेवटीं कपाटांत जाऊन बसतो. ज्या बाईनें आपलें दुःख उघडें करून सांगितलें, तिच्या हातीं काय पडतें? तिला तो अहवाल वाचतां येत नाहीं. तिच्यासारख्या दुसरीला, जी त्याच दुःखांत आज बुडालेली आहे, तिला तर त्याची वार्ताहि नाहीं. यावर त्यांना चित्रपटाचा उपाय सुचला. डोळे व कान असले कीं पुरे. अक्षराची अट नाहीं.

येथें हें लक्षांत घ्यावयास हवें कीं, चित्रपटाचें वेड लागून सुमित्राबाई चित्रपटाकडे वळल्या नाहींत. वय बेचाळीस, चित्रपटकलेचें शिक्षण नाहीं, कोणा दिग्दर्शकाच्या हाताखालीं उमेदवारी केलेली नाहीं, अशा स्थितींत त्यांनीं १९८५ सालीं ‘बाई’ हा लघुपट तयार केला. झोपडपट्टींतील एक बाई संसाराच्या जाचाखालीं मोडून न पडतां आपल्या पायावर कशी उभी राहते, एवढाच त्याचा विषय. कुटुंबकल्याणावरील उत्कृष्ट लघुपट म्हणून त्याला राष्ट्रीय पारितोषिक मिळालें. दोन वर्षांनीं ‘पाणी’ हा लघुपट आला. ‘बाई’च्या वेळीं सुनील सुकथनकर हे तरुण गृहस्थ साहाय्यक म्हणून आले, पुढें ते पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्यें रीतसर दिग्दर्शन शिकले, आणि त्या दोघांची जोडी तीस वर्षांहून अधिक काळ टिकली. ‘विचित्र निर्मिती’ या त्यांच्या संस्थेच्या नांवांतच थोडा खट्याळपणा आहे. चौदा-पंधरा पूर्ण लांबीचे चित्रपट व पन्नासाहून अधिक लघुपट, एवढें काम या जोडीच्या हातून झालें. दिग्दर्शन दोघांचें, परंतु कथा, पटकथा आणि संवाद यांची लेखणी बहुतेक सर्वत्र सुमित्राबाईंची. पुष्कळदां वेशभूषा व कलादिग्दर्शनहि त्याच पाहत.

मराठी चित्रपटाच्या इतिहासांत ही पद्धति नवी नव्हे. उलट ती सर्वांत जुनी आहे. दादासाहेब फाळके यांनीं १९१३ सालीं ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आणला, तेव्हां लिहिणारे, दिग्दर्शन करणारे व पैसा उभा करणारे एकच होते, आणि स्वयंपाकघरापासून फिल्म धुण्यापर्यंत सारें कुटुंब त्या कामांत होतें. पुढें प्रभातसारख्या कंपन्या निघाल्या आणि कामाच्या वाटण्या झाल्या. कथालेखक निराळा, संवादलेखक निराळा, कलादिग्दर्शक निराळा. प्रभातनें त्या रीतीनें अजोड चित्रपट दिले, यांत शंका नाहीं. गंमत अशी कीं, त्याच प्रभातच्या आवारांत १९६० सालीं निघालेल्या इन्स्टिट्यूटमध्यें शिकून सुकथनकर परतले ते फाळक्यांच्या जुन्या घरगुती रीतीकडे. या रीतींत भांडवल कमी लागतें, पण माणूस सबंध लागतो.

‘दोघी’ हा त्यांचा पहिला मोठा बोलपट १९९५ सालचा. पैसा राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचा. डोंगराच्या पायथ्याशीं असलेलें एक कोरडें खेडें. घरांत दोन बहिणी, गौरी व कृष्णा. थोरलीच्या लग्नाच्या दिवशींच वऱ्हाडाच्या गाडीला अपघात होतो. नवरा मुलगा मरतो आणि मुलीचा बाप कायमचा अंथरुणाला खिळतो. गांव ठरवून टाकतो कीं पोरगी अवलक्षणी. शेत पिकत नाहीं, घरांत कमावतें कोणी नाहीं. मामा तिला मुंबईस नेतो. कोणत्या धंद्यांत तिला घातलें, हें आईला ठाऊक आहे, किंवा ठाऊक नसल्याचें सोंग तिनें घेतलें आहे. मनिऑर्डर मात्र दर महिन्यास येते आणि घर त्यावर जगतें. ज्या मुलीच्या पैशावर चूल पेटते, तिला घराचा उंबरा ओलांडतां येऊं नये, हा त्या गोष्टीचा गाभा. रेणुका दफ्तरदार, सोनाली कुलकर्णी आणि आईच्या कामांत उत्तरा बावकर यांनीं जो संयम पाळला आहे, तो थोर आहे. दुसऱ्या एखाद्या लेखकानें मुंबईच्या त्या गल्लीचें वर्णन करण्यांत अर्धा चित्रपट खर्च केला असता. सुमित्राबाई गल्लींत फारशा रेंगाळत नाहींत. त्यांचें लक्ष ओसरीवर आहे, जेथें आई बसलेली आहे. सामाजिक प्रश्नावरील उत्कृष्ट चित्रपट म्हणून ‘दोघी’ला राष्ट्रीय पारितोषिक मिळालें. वऱ्हाडांतील कोरडवाहू शेतीचा अनुभव ज्या घरांना आहे, त्यांना त्या खेड्याचें नांव विचारण्याची गरज पडणार नाहीं.

‘वास्तुपुरुष’ (२००२) याचें रूप अगदीं वेगळें. स्वातंत्र्यानंतर कूळकायदा आला, जमिनी गेल्या, आणि देशपांड्यांचा जुना वाडा आंतून पोखरत चालला. घरांतील पुरुष गतवैभवाच्या गोष्टी करीत बसलेले. फक्त आई, सरस्वती, जाणते कीं या वाड्याचें गांवावर जें देणें आहे तें फेडल्याशिवाय वास्तुपुरुष शांत होणार नाहीं. धाकट्या मुलानें डॉक्टर होऊन गोरगरिबांची सेवा करावी, हा तिचा हट्ट. वाड्यावर आलेल्या या अवकळेची कहाणी मराठींत पुष्कळांनीं सांगितली आहे. पण बहुतेकांचे डोळे वाड्यासाठीं ओले होतात. येथें प्रथमच वाड्याला कर्जदार म्हणून उभें केलें आहे. त्या वर्षींच्या उत्कृष्ट मराठी चित्रपटाचें राष्ट्रीय पारितोषिक याला मिळालें.

आतां पैशाचा प्रश्न. स्वतंत्रपणें चित्रपट करणाराची खरी कसोटी कल्पनेंत नसते, जमाखर्चांत असते. सुमित्राबाईंनीं पैसा मागितला तो विषयाशीं ज्यांचा जिव्हाळा आहे अशा लोकांकडे. छिन्नमनस्कतेवरील ‘देवराई’ (२००४) आणि अंगावरील पांढऱ्या डागांमुळें सुशिक्षित मुलीच्या वांट्यास येणाऱ्या उपेक्षेवरील ‘नितळ’ (२००६) हे चित्रपट त्या त्या क्षेत्रांत काम करणाऱ्या संस्थांच्या व विश्वस्तनिधींच्या साह्यानें उभे राहिले. या व्यवस्थेंत एक धोका आहे. संस्थेला प्रचार हवा असतो. आणि प्रचाराचा चित्रपट म्हणजे औषधाच्या बाटलीवरील सूचनांचें वाचन, असें व्हावयास वेळ लागत नाहीं. ‘देवराई’ या धोक्यांतून सुटला तो लेखणीच्या बळावर. अतुल कुलकर्णी यांचा शेष हा केवळ रोगी नाहीं. आपल्या कोंकणांतील गांवच्या राखीव रानाचा ध्यास घेतलेला तो एक बुद्धिमान माणूस आहे, आणि त्याच्या बोलण्यांत कोठें ज्ञान संपतें व कोठें भ्रम सुरू होतो, ही सीमा पाहणाराला सांपडत नाहीं. त्याला सांभाळणाऱ्या बहिणीचा शीणहि लेखिकेनें तितक्याच ममतेनें पाहिला आहे. घरांत असें माणूस असणें ही गोष्ट जेथें अद्यापि शेजाऱ्यांपासून लपविली जाते, तेथें या बहिणीला पडद्यावर पाहून किती घरांना हायसें वाटलें असेल!

सर्वच चित्रपट या उंचीचे नाहींत, हेंहि सांगितलें पाहिजे. ‘दहावी फ’मध्यें नापास मुलांच्या तुकडीची बाजू मांडतांना शिक्षकाच्या तोंडीं कधीं कधीं लेखिकाच बोलूं लागते. ‘एक कप च्या’ (२००९) या चित्रपटांत एस. टी. चा गरीब कंडक्टर काशिनाथ, हजारों रुपयांचें चुकीचें वीजबिल आल्यावर लांच न देतां माहितीच्या अधिकाराचा २००५ सालचा कायदा वापरतो. तेथें किशोर कदम यांचें भाबडें हंसूं नसतें, तर प्रेक्षकाला कायद्याच्या वर्गांत बसल्यासारखें वाटलें असतें. पण वर्गांत बसविण्याचा हा मोह सुमित्राबाईंच्या कामाच्या मुळाशींच होता. ज्यांना कागद वाचतां येत नाहीं त्यांना सांगावयाचें, या हेतूनेंच तर आरंभ झालेला! त्यांच्या कलेची वाढ म्हणजे हा सांगण्याचा सोस हळूहळू कमी होत जाणें, असें म्हटलें तर चुकणार नाहीं. ‘संहिता’ या चित्रपटांत तर एक स्त्री-दिग्दर्शिका जुन्या कथेवरून पटकथा लिहीत आहे, आणि लिहितां लिहितां त्या कथेंतील स्त्रियांचा न्याय कसा करावा याविषयीं तिचेंच मत बदलत जातें. लेखिकेनें स्वतःच्या कारखान्याचा दरवाजा तेथें किंचित् उघडून दाखविला आहे.

‘अस्तु’ (२०१३) पाहतांना ही वाढ पूर्ण झाल्याची खात्री पटते. चक्रपाणि शास्त्री हे संस्कृतचे गाढे पंडित. स्मृतिभ्रंशानें त्यांचें एकेक ज्ञान गळून पडत आहे. मुलगी त्यांना मोटारींत बसवून क्षणभर दुकानांत जाते, आणि रस्त्यानें हत्ती जातांना पाहून शास्त्रीबुवा मुलाच्या कुतूहलानें उतरून त्याच्यामागें चालूं लागतात. माहुताची बायको चन्नम्मा कानडी मुलखांतली, दरिद्री, अडाणी; ती या परक्या म्हाताऱ्याला लेकरासारखें भरविते, धुते, निजविते, आणि तो तिला आई म्हणतो. पंडिताच्या कन्येला बाप ओझें वाटूं लागला आहे, कारण तिला तो पूर्वींचा बाप हवा आहे. चन्नम्मेला पूर्वींचें कांहींच ठाऊक नाहीं, म्हणून तिला समोरचें माणूस पुरतें. एवढी मोठी गोष्ट सांगण्यासाठीं एकहि उपदेशाचें वाक्य खर्ची पडलेलें नाहीं. डॉ. मोहन आगाशे स्वतः मानसरोगतज्ज्ञ. त्यांनीं शास्त्रीबुवांचे रिकामे होत जाणारे डोळे असे दाखविले आहेत कीं पाहणारानें आपल्या घरांतील कोणाला तरी आठवावें. संवादांबद्दल सुमित्राबाईंना आणि चन्नम्मेच्या भूमिकेबद्दल अमृता सुभाष यांना राष्ट्रीय पारितोषिकें मिळालीं. असें असूनहि चित्रगृहांत हा चित्रपट लागावयास २०१६ साल उजाडलें! दिल्लीचें पारितोषिक आणि पुण्याच्या चित्रगृहाची तिकिटखिडकी यांच्यामधील हें अंतर स्वतंत्र चित्रपटकारांना कसें जाचतें, याचें याहून बोलकें उदाहरण मिळणार नाहीं. नट-नट्यांची नांवें प्रसिद्ध, समीक्षकांची मान्यता आहे. परंतु चित्रगृहाचा मालक शुक्रवारपासून रविवारपर्यंत किती खुर्च्या भरल्या हें पाहतो, आणि सोमवारीं चित्रपट उतरतो.

पुढचा ‘कासव’ हा चित्रपट सुमित्राबाई, सुकथनकर व आगाशे यांनीं मिळून निर्माण केला. मनगट कापून घेऊन मरणाच्या दारांतून परतलेला एक तरुण रुग्णालयांतून पळतो आणि रस्त्याकडेला तापानें फणफणत पडतो. जानकी नांवाची बाई त्याला उचलून कोंकणकिनाऱ्यावरील आपल्या घरीं नेते. तीहि एकदां त्याच काळोखांतून गेलेली आहे. म्हणून ती त्याला नांव, गांव, कारण, कांहीं विचारीत नाहीं. किनाऱ्यावर कासवांच्या अंड्यांचें रक्षण चाललें आहे. कासवाची मादी वाळूंत अंडीं घालून समुद्रांत परत जाते. पिलें बाहेर पडतात तेव्हां माणसांनीं कुत्र्या-कावळ्यांपासून त्यांना राखावें, पण समुद्रापर्यंतची चाल त्यांची त्यांनीं चालावयाची. १९५४ सालीं आचार्य अत्रे यांच्या ‘श्यामची आई’ला पहिलें सुवर्णकमळ मिळालें, त्यानंतर ‘श्वास’, ‘देऊळ’ व ‘कोर्ट’, आणि २०१६ सालचें सुवर्णकमळ ‘कासव’ला. तें जाहीर झालें तेव्हां सुमित्राबाई चौऱ्याहत्तर वर्षांच्या होत्या. तरुण मुलांच्या आत्महत्या हा विषय महाराष्ट्रांत भाषणांचा व सरकारी समित्यांचा झालेला असतांना, न विचारतां जवळ बसणें हा उपाय या वृद्ध बाईला दिसला.

‘दिठी’ हा त्यांचा शेवटचा चित्रपट, आणि तो त्यांनीं एकट्यानें दिग्दर्शित केला. मूळ कथा दि. बा. मोकाशी यांची, वारीबरोबर पायीं चालून ‘पालखी’ लिहिणारे तेच हे मोकाशी. रामजी लोहार हा कित्येक वर्षें नेमानें पंढरीची वारी करणारा. त्याचा तरणाताठा मुलगा पुरांत बुडून जातो. त्यानंतर अभंग तोच, टाळ तोच, पण रामजीच्या लेखीं विठ्ठल मुका झाला आहे. शेगांवच्या पालखीमागें महिनाभर पायीं चालणाऱ्या वऱ्हाडी वारकऱ्यालाहि हा प्रश्न परका नाहीं. माळ घातलेल्या घरीं मृत्यु आला म्हणजे तो आवंढ्याबरोबर गिळला जातो, इतकेंच. रामजीच्या सोबत्यांपैकीं कोणी त्याला वेदान्त सांगून समजूं शकत नाहीं. पावसानें कोसळणाऱ्या एका रात्रीं शेजारची गाय अडते. वासरूं आडवें आलेलें आहे, आणि तें सोडविण्याचा हातगुण गांवांत एकट्या रामजीला. तो प्रथम येत नाहीं. मग येतो. गोठ्यांत कंदील, गायीचें हंबरणें, आणि लोखंड ठोकून राठ झालेले ते हात. किशोर कदम यांनीं या प्रसंगीं जवळजवळ कांहींच म्हटलेलें नाहीं. कागद बाजूला ठेवून ज्यांनीं चित्रपट हातीं घेतला, त्या सुमित्राबाईंना शेवटीं शब्दाचीहि गरज थोडीच उरली होती.

१९ एप्रिल २०२१ रोजीं पुण्यांत, वयाच्या अठ्ठ्याहत्तराव्या वर्षीं, सुमित्राबाईंचें निधन झालें. महामारीची दुसरी लाट ऐन भरांत होती. चित्रगृहें बंद होतीं. ‘दिठी’ महिनाभरानें, २१ मे रोजीं, सोनी लिव्ह या इंटरनेटवरील सेवेवरून प्रथम लोकांपुढें आला. म्हणजे ज्या घरीं वर्गणी भरलेली होती, त्या घरीं तो दिसला. आणि गोठ्यांतील तो कंदील पुष्कळांनीं तळहाताएवढ्या पडद्यावर पाहिला.